मकर नेमका कोण? बारवेत सापडलेल्या एका तोंडावरून

बारववेडा | १२ जानेवारी, रात्री १०.४०

नमस्कार मंडळी,

गेल्या उन्हाळ्यापासून आम्ही आठ-दहा जण दर रविवारी सिन्नरच्या बाजूच्या एका गावातली जुनी बारव, म्हणजे पायऱ्यांची विहीर, साफ करतोय. पायऱ्यांवर पुरुषभर गाळ होता. घमेल्यांनी उपसत उपसत तिसऱ्या टप्प्यापर्यंत आलो. आज सकाळी पूर्वेच्या भिंतीशी टिकाव लागला आणि ठण्ण आवाज आला, म्हणून टिकाव बाजूला ठेवून हातानेच माती काढायला बसलो.

आधी हाताला लागलं ते वळलेलं नाक. हत्तीने सोंड वर उचलून टोकाशी आत मुडपावी तसं. गणपती सापडला म्हणून पोरांनी गलका केला. पण सोंडेखाली जबडा निघाला आणि जबड्यात दात. एकेका दाताच्या फटीतली माती मी काडीने काढली. वरच्या ओळीत अकरा दात, मक्याच्या दाण्याएवढे. डोळा बोरासारखा गोल आणि बाहेर आलेला. त्याच्यामागे कान, डुकराच्या कानासारखा टोकाला दुमडलेला. गळ्याखाली एक आखूड पाय, पंजा तुटलेला. आणि धड जिथे भिंतीत शिरतं तिथे माशाचे खवले, एकावर एक, नीट कोरलेले. घशातून आरपार भोक आहे. म्हणजे ही पन्हळ. वरच्या अंगाचं पाणी या तोंडातून खाली कुंडात पडत असणार.

बघायला गाव जमला. एक आजी, ऐंशीच्या पुढच्या, काठी टेकत दोन टप्पे उतरून आल्या आणि म्हणाल्या, “हे मगरतोंड हाय. आमच्या सासूबाई पाणी भरायच्या आधी त्याच्या नाकाला हळद लावायच्या. न लावता उतरलं की पाय वढतंय म्हनायच्या.”

तेव्हापासून डोक्यात तेच चाललंय. हा मकर, एवढं मलाही ठाऊक आहे. पण मकर म्हणजे कोण? या गावात मगर पाहिलेला माणूस मला भेटला नाही. ज्याने हे कोरलं त्याने तरी पाहिली होती का? पाहिली असेल तर सोंड कुठून आली, कान कुठून आला? आणि जे जनावर पाय ओढतं त्याच्याच तोंडातून प्यायचं पाणी घ्यावं, असं आपल्या लोकांना का वाटलं असेल?

इथे शिल्पातले, रानातले, नदीकाठचे बरेच जण आहेत. ज्याला जे माहीत आहे ते लिहा.

---

शिल्पाली | १२ जानेवारी, रात्री ११.३०

बारववेडा, सगळ्यात आधी एक हात जोडून विनंती. त्याला तारेचा ब्रश, ॲसिड, चुना काहीही लावू नका. साधं पाणी आणि मऊ ब्रश, बस्स. जागेवरून हलवू तर अजिबात नका. मोजमापं घ्या, चारही बाजूंनी फोटो काढा आणि पुरातत्त्व खात्याला कळवा.

हो, मकरच आहे. गंगेचं वाहन मकर, वरुणाचं वाहन मकर, कामदेवाच्या ध्वजावर मकर, जैनांच्या नवव्या तीर्थंकरांचं, पुष्पदंतांचं लांछनही, म्हणजे ओळखचिन्हही, मकर. वेरूळला २१ क्रमांकाच्या लेण्यात ओसरीच्या टोकाला गंगा मकरावर उभी आहे. कंबरेत किंचित वळलेली, आणि पायाखालचं ते जनावर तिचा भार मजेत पेलतंय असं वाटतं. वेरूळच्याच कैलास लेण्यात तीन नद्यांचं एक दालन आहे, तिथेही गंगा मकरावर, यमुना कासवावर, सरस्वती कमळावर. देवळाच्या गाभाऱ्यातलं अभिषेकाचं पाणी बाहेर काढणारी प्रणाली कुठे गोमुखाची असते, कुठे मकरमुखाची. तुमच्या बारवेतली याच घरातली.

तुमच्या सोंडेच्या प्रश्नाला शिल्पातून मिळणारं उत्तर असं, की सोंड सुरुवातीपासून नव्हती. बिहारमध्ये बराबरच्या टेकड्यांत लोमश ऋषी नावाची गुंफा आहे, इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकातली. तिच्या दारावरच्या कमानीत हत्तींची रांग आहे आणि रांगेच्या दोन्ही टोकांना मकर. हे मकर बरेचसे मगरीसारखेच. पुढे शतकागणिक त्यांचं नाक वळत गेलं, गुप्तकाळापर्यंत चांगली सोंड झाली, आणि कर्नाटकात होयसळांच्या देवळांवर तर शेपटीच्या जागी मोराचा पिसाराच फुलला. बेलूर-हळेबीडला जोत्यावर मकरांची रांगच्या रांग आहे, बघाच.

---

रानभूल | १३ जानेवारी, सकाळी ७.१५

मी महाडचा. सावित्रीच्या काठावर लहानाचा मोठा झालो, आता चिपळूणला असतो. म्हणजे एका मगरीच्या नदीवरून दुसरीवर आलो. वाशिष्ठीतही त्या आहेत, पुराच्या पाण्याबरोबर रस्त्यावरही येतात.

आधी नावाचं सांगतो. मगर हा शब्द मकर वरूनच आलाय, आणि इंग्रजीत तिला ‘मगर’च म्हणतात, उच्चार तेवढा बिघडवून. शास्त्रीय नाव क्रोकोडायलस पॅलुस्ट्रिस. पॅलुस्ट्रिस म्हणजे दलदलीतली. तळी, डोह, संथ वाहणाऱ्या नद्या, धरणांचा फुगवटा, असलं पाणी तिला लागतं. भारतात तिची दोन भावंडं आणखी आहेत. खाऱ्या पाण्यातली मोठी मगर, ओडिशाच्या भितरकनिकात आणि सुंदरबनात. आणि घडियाल, चंबळ आणि गंगेच्या खोऱ्यात, लांब चिंचोळ्या तोंडाची. वयात आलेल्या नर घडियालच्या नाकाच्या शेंड्यावर मडक्यासारखा गोळा येतो. घडा, म्हणून घडियाल. पाण्यातून फक्त तोंड वर काढलेला नर लांबून बघितला, तर नाकाचं टोक वर वळल्यासारखं वाटतं. सोंडेची एक वाट इकडूनही जात असावी, असं मला कायम वाटत आलंय.

आता डोळ्यांनी पाहिलेलं. एप्रिलमधली सकाळ, भरती ओसरत होती. मी काठावर उकिडवा बसलो होतो. समोर वीस हातांवर पाण्यात एक सुकलेला ओंडका. ओंडक्याच्या अलीकडे दोन बारीक उंचवटे. पाच मिनिटं, दहा मिनिटं, काही नाही. मग उंचवट्यांमधून हवा सुटली, फुस्स, आणि पाण्यावर एक लहानसं वर्तुळ उमटलं. तेव्हा कळलं की ते नाक आहे, आणि ओंडका म्हणजे पाठ. दोन्हीच्या मध्ये डोळे होते, ते इतका वेळ माझ्याकडेच बघत होते. मधलं सगळं शरीर पाण्याखाली. मी उठलो आणि ते तिन्ही तुकडे एकदमच खाली गेले. पाणी हललंसुद्धा नाही.

फेब्रुवारी ते एप्रिलमध्ये मादी काठावर खड्डा करून पंचवीस-तीस अंडी घालते. पावसाच्या तोंडावर पिल्लं निघायची वेळ होते तेव्हा ती अंड्याच्या आतूनच ओरडतात. बारीक, चिरका आवाज. तो ऐकून आई खड्डा उकरते आणि ज्या जबड्याने म्हैस ओढते त्याच जबड्यात पिल्लं अलगद धरून पाण्यात नेऊन सोडते. मगरीत बापालाही हे करताना पाहिलेलं आहे. बारववेडा, तोंडातून पाणीच का, असं तुम्ही विचारलंत. ज्या माणसाने मगरीच्या तोंडातून जिवंत पिल्लं बाहेर येताना पाहिली असतील, त्याला ते तोंड फक्त गिळणारं वाटलं नसेल.

आणखी एक. चेन्नईजवळच्या मगर उद्यानात अभ्यासकांनी पाहिलं, आणि २०१३ मध्ये ते प्रसिद्धही झालं, की बगळ्यांच्या घरट्यांचा हंगाम आला की मगरी तोंडावर काटक्या घेऊन निपचित पडून राहतात. बगळा काटकी उचलायला आला की संपला. आपल्या गोष्टीतली मगर माकडाला पाठीवर घेऊन निघते आणि नदीच्या मध्यावर काळीज मागते. ती कपटी असते असं लहानपणी वाटायचं. मला आता ती फार सबुरीची वाटते.

---

पौषमास | १४ जानेवारी, सकाळी ९.००

सगळ्यांना तिळगूळ घ्या, गोड बोला!

आजच्या दिवशी हा धागा वर दिसला, मग राहवेना. राशीतला मकर हा तुमच्या बारवेतल्या मकराचा थोडा दूरचा नातलग आहे. वराहमिहिराने राशींची रूपं सांगताना ‘मकरो मृगास्यः’ म्हटलंय, म्हणजे हरणाच्या तोंडाचा मकर. हरीण कुठून आलं? पश्चिमेकडे ही रास अर्धा बोकड अर्धा मासा अशी आहे आणि ती कल्पना थेट बाबिलोनची, गोड्या पाण्याचा देव ईआ याचं ते जनावर. इसवी सनाच्या पहिल्या काही शतकांत बारा राशी आपल्याकडे आल्या तेव्हा या बोकड-माशासाठी आपल्या लोकांकडे एक पाण्यातलं मिश्र जनावर तयारच होतं, त्याचंच नाव त्याला दिलं. तोंड तेवढं शेळीचं जाऊन हरणाचं झालं.

आणि गीतेच्या दहाव्या अध्यायात ‘झषाणां मकरश्चास्मि स्रोतसामस्मि जाह्नवी’ या एकाच ओळीत मकर आणि गंगा शेजारी शेजारी आलेत. झष म्हणजे मासे. माशांमध्ये मी मकर. मगर मासा नाही हे त्या काळच्या माणसाला कळत नव्हतं असं मी मानत नाही. पाण्यात राहणारं ते सगळं मासेच, असा तो हिशेब.

---

कृष्णाकाठ | १४ जानेवारी, रात्री ८.२०

सगळं वाचलं. चांगलं लिहिताय. पण मला बोलायचंय, राग मानू नका.

मी सांगली जिल्ह्यातला, भिलवडीच्या अंगाचा. आमच्यात तिला सुसर म्हणतात. तुमच्यासाठी ते शिल्प आहे, राशी आहे. आमच्यासाठी ती रोज संध्याकाळी घाटावर आहे. आमच्या चुलत्यांना तीन वर्षांपूर्वी तिने धरलं. शेतीपंपाची लाइट रात्रीची, त्यामुळे मोटर चालू करायला रात्री अकराला नदीवर उतरावं लागतं. फुटबॉलला, म्हणजे पाइपच्या पाण्यातल्या तोंडाच्या झडपेला, कचरा अडकला होता, तो काढायला ते गुडघाभर पाण्यात गेले. त्यांनी सांगितलेलं तसंच्या तसं लिहितो. “धरल्यावर आधी दुखलंच न्हाय. कुणीतरी हात धरून बोलवतंय असं वाटलं. मग खेचलं.” त्यांनी दुसऱ्या हाताने पाइप धरून ठेवला आणि ओरडत राहिले. हात वाचला, दोन बोटं गेली. मी कचेरीत चार महिने चकरा मारल्या, पिंजरा लावा म्हणून. माणूस येऊन बघून गेला, फोटो काढून गेला.

आमच्या आईने त्या दिवसापासून धुणं नदीवर न्यायचं बंद केलं. चाळीस वर्षांची सवय. पोरं आता नदीत पोहायला शिकत नाहीत. कृष्णाकाठची पोरं, आणि पोहायला येत नाही. हे मला फार लागतं.

तरी एक सांगतो. चुलते अजून नदीला पाठ करून परत येत नाहीत. मोटर चालू करून वर चढताना एकदा वळून पाण्याला हात जोडतात. मी विचारलं कशाला? तर म्हणाले, ती आपल्या आधीपासून हाय.

---

रानभूल | १४ जानेवारी, रात्री ९.०५

कृष्णाकाठ, राग कसला. हे तुम्ही लिहिलंत ते बरं केलंत. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने मगर वाचली, १९७५ पासून प्रकल्प झाले, त्यांची संख्या सावरली, हे चांगलंच झालं आणि मी त्याच्या बाजूने कायम बोलतो. पण संख्या सावरल्याचा भार घाटावर धुणं धुणाऱ्या बाईने आणि रात्री मोटर चालू करणाऱ्या शेतकऱ्याने उचलायचा, हे बरोबर नाही. दिवसा वीज आणि घाटाला पाण्यात लोखंडी जाळीचा आडोसा, एवढं झालं तरी निम्मी भीती जाईल. चुलत्यांना माझा नमस्कार सांगा.

---

मालवणी_पाणी | १५ जानेवारी, दुपारी १.१०

आमच्याकडे कोकणात पाय ओढणारा दुसरा आहे, गिऱ्हा. खाडीत, ओहोळात, कोंडीत राहतो, तिन्हीसांजेनंतर पाण्यात उतरणाऱ्याला धरतो. आजोबा मासे मारून उशिरा आले की आजी आधी त्यांच्या पायाकडे बघायची. गिऱ्हा म्हटलं की माझ्या कानाला त्यात गजेंद्राचा पाय धरणारा ‘ग्राह’ ऐकू येतो. धरतो तो ग्राह.

आणि देशावर साती आसरा, पाण्यातल्या सात देवता. डोहाच्या काठी सात दगड, शेंदूर, हिरवा खण. बारववेडा, तुमच्या बारवेतही एखाद्या कोनाड्यात सात गोटे असतील, बघा. आसरा देखण्या असतात, त्या तरण्या पोरांना डोहात बोलावतात. कृष्णाकाठ यांच्या चुलत्यांचं ‘कुणीतरी हात धरून बोलवतंय’ वाचलं आणि अंगावर काटा आला. आमच्या आजीच्या तोंडी हेच शब्द होते.

---

गंगाकिनारी_मी | १६ जानेवारी, रात्री १०.००

यजमानांच्या नोकरीमुळे आम्ही नऊ वर्षं पाटण्यात आहोत. मी धागा वाचतेय तेव्हापासून एका जनावराची वाट बघत होते, ते अजून कुणी आणलं नाही. म्हणून मीच आणते. सूस. गंगेतला डॉल्फिन. २००९ पासून आपला राष्ट्रीय जलचर.

आमच्या घरापासून घाट जवळ आहे. थंडीत सकाळी नावेतून जातो तेव्हा दिसतो, पण दिसतो म्हणजे काय! आधी आवाज. माणसाने दमून श्वास सोडावा तसा, सूंऽस. आवाजाकडे वळेपर्यंत लांब चोच, बारीक दातांची, क्षणभर वर येते, मग करडी गोल पाठ, आणि संपलं. नऊ वर्षांत मी त्याची शेपटी एकदाही पाहिलेली नाही. गढूळ पाण्यात त्यालाही जवळपास दिसत नाहीच, डोळे नावापुरते. आवाज सोडून, त्याचा प्रतिध्वनी ऐकून तो मासे शोधतो. भागलपूरजवळ विक्रमशिला अभयारण्य खास त्याच्यासाठी आहे.

आता गंमत नावाची. संस्कृतात याला शिशुमार म्हणतात. त्यावरून इकडे सूस, सोंस. पालीत तेच नाव सुंसुमार झालं आणि तिथे त्याचा अर्थ मगर. आणि आपल्या मराठीत तेच नाव झालं सुसर! म्हणजे कृष्णाकाठ जिला सुसर म्हणतात तिचं नाव गंगेतल्या डॉल्फिनचं आहे. एकाच नावाखाली दोन जनावरं शतकानुशतकं राहिली, कारण दोघांचीही लांब दातेरी चोचच तेवढी लोकांना दिसत होती.

---

सराफ_गल्ली | १७ जानेवारी, सकाळी ११.२५

थोडं आमच्या धंद्यातलं. मकरमुखी कडं अजून बनतं, दोन्ही टोकांना दोन तोंडं, मध्ये फट. माझे वडील त्याचे डोळे शेवटी बसवायचे, लाल खडे, आणि बसवेपर्यंत कडं फडक्यात झाकून ठेवायचे. आणि तुकोबांच्या अभंगात विठ्ठलाच्या कानात तळपतात ती मकरकुंडलंच. रोज म्हणतो, पण कानात पाण्यातलं हिंस्र जनावर लोंबतंय हे या धाग्यामुळे पहिल्यांदा डोळ्यांपुढे आलं.

---

बारववेडा | १९ जानेवारी, रात्री ९.५०

आज पुन्हा बारवेत होतो. मालवणी_पाणी, सात गोटे आहेत! उत्तरेच्या कोनाड्यात, गाळाने बुजलेले. पाणी घातल्यावर शेंदराचा रंग वर आला. आजींना सांगितलं तर त्यांनी घरून हळदकुंकू आणलं.

काम थांबवून मी बराच वेळ त्या तोंडासमोर बसलो आणि तुम्हा सगळ्यांचं लिहिलेलं आठवत होतो. रानभूल यांना ओंडका, दोन उंचवटे आणि डोळे दिसले, शरीर दिसलं नाही. ताईंना चोच आणि पाठ दिसली, नऊ वर्षांत शेपटी नाही. कृष्णाकाठच्या चुलत्यांना तर काहीच दिसलं नाही, फक्त धरलेलं कळलं. नदी ओलांडणारा हत्तीसुद्धा आठवा. पाणी खोल असलं की तो सगळा बुडतो आणि वर राहते ती श्वासापुरती सोंड.

मला वाटतं मकराचं गुपित इथेच आहे. पाण्यातलं जनावर कुणालाही अख्खं दिसत नाही. ज्याला जो तुकडा दिसला तो त्याने खरा सांगितला. दात खरे, सोंड खरी, खवले खरे, पाठ खरी. शिल्पकाराने ते सगळे तुकडे एकाच अंगावर बसवले, कारण पाणी एकच होतं. मकर काल्पनिक आहे तो फक्त सांध्यांपुरता.

कान मात्र मला अजून बसवता येत नाही.

---

शिल्पाली | १९ जानेवारी, रात्री १०.३५

बारववेडा, फार सुरेख मांडलंत, पण माझं पूर्ण पटत नाही. शिल्पकार अर्धवट पाहून कोरत नव्हते. अजिंठ्यातले हत्ती बघा, माकडं बघा, त्यांना जनावर नीट कळत होतं. आपल्याकडे हत्ती म्हणजे मेघ, मासा म्हणजे खोल पाणी, मगर म्हणजे काठावरचं पाणी. आभाळातलं, नदीतलं, दलदलीतलं सगळं पाणी एका अंगात यावं म्हणून त्यांनी ते मुद्दाम जोडलं. आणि एकदा घडलं की पुढचा शिल्पकार नदीकडे न बघता आधीच्या शिल्पाकडे बघून कोरतो. तुमचा कान तसाच आला असणार. सोंड बसवली की तिच्यामागे हत्तीचा कान हवासा वाटतो, मग तो प्रत्येक हातात थोडा थोडा बदलत जातो. जावात बोरोबुदूरच्या स्तूपावर पावसाचं पाणी बाहेर टाकणारी मकरमुखं आहेत, नवव्या शतकातली. तुमच्या बारवेचंच काम करतात. तिथल्या कारागिराने आपली दलदलीची मगर पाहिली नव्हती.

---

बारववेडा | १९ जानेवारी, रात्री १०.५०

शिल्पाली, मुद्दा मान्य. पहिला मकर कुणी कोरला आणि हजारावा कुणी कोरला, हे दोन वेगळे प्रश्न आहेत, मी ते एकात घातले. पण मग मला असा कुणी हवाय जो आजही शिल्पाकडे न बघता, जिवंत जनावराकडे बघून त्याची मूर्ती करतो. आहे का असा कुणी?

---

जुवारीकाठ | २० जानेवारी, सकाळी ६.४०

आहे. गोव्यात, फोंडा तालुक्यात, दुर्भाटला. माझं आजोळ त्या बाजूचं.

कोंकणीत मगरीला मानगें म्हणतात. मांडवी आणि जुवारी यांना जोडणारा कुंभारजुव्याचा कालवा आहे, तिथे मगरी आहेत, तुमचीच दलदलीतली मगर, पण इथे ती खाऱ्या-गोड्या मिसळलेल्या पाण्यात, खारफुटीत राहते. काठाला आमची खाजन शेती. खाजन म्हणजे समुद्राच्या भरतीपेक्षा खाली असलेली जमीन, मातीच्या बांधांनी राखलेली. बांधाला मानस असते, लाकडी दारांची. भरती आली की पाण्याच्या दाबानेच दारं मिटतात, ओहोटीला आपोआप उघडतात. आत पावसाळ्यात भात, एरवी मासे. सगळं बांधावर उभं आहे. बांध फुटला की खारं पाणी आत येतं आणि शेत पुढची काही वर्षं हातचं जातं.

आणि मानगें बीळ करतं ते काठाच्या मातीत, कधी बांधात. त्यामुळे पौष अमावास्येला दुर्भाटला मानगें थापणी असते. नदीकाठच्या चिखलाची मगर करून तिला पुजतात. आमच्या बांधाला सांभाळ, आमच्या माणसांना सांभाळ, म्हणून. अमावास्या २९ ला आहे. मी जाणार आहे. काय बघून येऊ सांगा.

---

बारववेडा | २० जानेवारी, सकाळी ८.०५

कान! त्या मातीच्या मगरीला कान असतो का ते बघा. आणि सोंड.

---

कृष्णाकाठ | २० जानेवारी, सकाळी ८.३०

माझ्यातर्फे एवढंच विचारा, की तिथल्या लोकांना तिची भीती वाटते का, आणि वाटत असेल तर पुजताना नक्की काय वाटतं. मला माझ्या चुलत्यांना सांगायचंय.

---

जुवारीकाठ | २९ जानेवारी, रात्री ११.१५

आत्ताच परत आलो. पायाला अजून चिखल आहे, पण आज लिहिलं नाही तर नीट आठवणार नाही.

ओहोटीची वेळ धरून काठावरचा गाळ आणला. काळा, लोण्यासारखा मऊ, खारट वासाचा. कुणी कागदावर काढलं नाही, कुणी माप घेतलं नाही. दोघांनी सरळ ढीग घातला आणि हातांनी लांबवत नेला. आधी शेपूट निघाली, मग चार पाय बाजूला काढले, कोपरात वाकवलेले, पोट जमिनीला टेकलेलं. पाठीवर शिंपल्या, ओळीने, पालथ्या. डोळ्यांनाही शिंपल्याच. जबडा उघडा आणि त्यात बारीक काटक्यांचे दात. रानभूल, काटक्या लावताना तुमच्या बगळ्यांची गोष्ट आठवली.

कान नाही. सोंड नाही. खवले शिंपल्यांचे, पण माशाची शेपूट नाही. अख्खी मगर, नाकापासून शेपटाच्या टोकापर्यंत.

मी एका काकांना विचारलं, देवळात मकराला सोंड असते, तुम्ही का काढत नाही? त्यांनी हातातली शिंपली खाली ठेवली आणि बांधाकडे बोट केलं. म्हणाले, “या दिवसांत थंडी असते. ते सकाळी तिथे वर येऊन ऊन खात पडतं. दहा वाजेपर्यंत हलत नाही. शाळेत जाताना लहानपणापासून बघतो. सोंड असती तर दिसली असती.”

बारववेडा, तुम्ही म्हणालात पाण्यात ते कुणाला अख्खं दिसत नाही. इथे पौषात ते पाण्याबाहेर असतं. सणाचा महिना आणि ते दिसायचा महिना एकच आहे.

कृष्णाकाठ, तुमचा प्रश्न त्यांच्याच बायकोला विचारला, कारण फुलं त्याच वाहत होत्या. त्या म्हणाल्या, भीती नाही कशी? भीती आहे म्हणून तर वर्षातून एकदा हात लावून घेतो. जिवंताला हात लावता येत नाही. मग त्यांनी माझा हात धरून मातीच्या पाठीवर ठेवला. गार होती, शिंपल्यांच्या कडा तळव्याला टोचत होत्या. तुमच्या चुलत्यांना हे सांगा.

शेवटी पाठीत एक पोकळी करतात आणि तिच्यात कोंबडीचं लहान पिल्लू ठेवतात. कुंकू लावलं, गाऱ्हाणं घातलं, सगळे जरा मागे सरले. तिकडे भरती चढायला लागली होती, मानशीची दारं एकमेकांवर टेकल्याचा आवाज आला. आणि मग त्या मातीच्या पोटातून बारीक, चिरकी चिवचिव यायला लागली. रानभूल यांनी लिहिलंय ना, पिल्लं अंड्याच्या आतूनच ओरडतात आणि आई ते ऐकते. काकू वाकून ऐकत होत्या.